एकोणीस महिने

बिसेन मॅडम रुग्णाच्या खुर्चीत जाऊन बसल्या तेव्हा वर्गातल्या अठ्ठावीस मुलींना हसू आवरेना. मॅडमनी डोक्यावरून पदर घेतला, पाठीला जरा बाक काढला आणि खेड्यातल्या म्हातारीच्या आवाजात विचारलं, "कायची मशीन व्हय जी बाई ही? दुखते का?"

"नाही दुखत, आजी," उत्पला म्हणाली. "तुम्ही फक्त बोलायचं. ही ऐकते."

तो २०३८ सालचा फेब्रुवारी होता. गोंदियाकडच्या एका तालुक्याच्या गावातलं सरकारी परिचर्या प्रशिक्षण केंद्र. मागे भाताच्या रिकाम्या बांध्या, पुढे तळं. अनुसया बिसेन तिथं अठरा वर्षं शिकवत होत्या. त्याआधी पंधरा वर्षं त्या सायकलवर औषधांची पेटी बांधून गावोगाव फिरल्या होत्या. उत्पला शहारे त्यांची विद्यार्थिनी, आणि आता दोन वर्षांपासून त्यांच्याच हाताखाली पाठ्यनिर्देशिका म्हणून शिकवत होती. तिची आई विड्या वळायची. वसतिगृहात जागा मिळाली नाही म्हणून उत्पला पहिलं अख्खं वर्ष मॅडमच्या घरी राहिली होती. मॅडमना मूलबाळ नव्हतं. त्यांचे यजमान गेंदलालजी एसटीच्या आगारात मेकॅनिक होते. त्यांनी तिच्यासाठी मागच्या खोलीत स्वतः फळ्या ठोकून अभ्यासाचं टेबल केलं होतं.

उत्पलाच्या हातात जे यंत्र होतं त्याचं सरकारी नाव 'स्वरमापक'. आकार शिंपल्यासारखा, म्हणून सगळ्या नर्सेस त्याला शिंपलाच म्हणायच्या. माणसाला एक चित्र दाखवायचं, त्यात काय दिसतं ते तीन मिनिटं सांगायला लावायचं आणि शिंपला समोर धरायचा. बस.

त्यामागचं शास्त्र समजायला अवघड नव्हतं. आपण 'कोंबडी' म्हणतो तेव्हा मेंदू आधी तो शब्द शोधतो. निरोगी मेंदूला त्यासाठी सेकंदाचा एक छोटा अंश पुरतो. विसरण्याच्या आजारात मेंदूच्या पेशींमध्ये नको ती प्रथिनं साचू लागतात, आणि माणूस काही विसरायला लागण्याच्या कितीतरी आधी हा शोध मंदावतो. नामाच्या आधीचा विराम सेकंदाच्या तीस-चाळीस सहस्रांशांनी वाढतो. नावाऐवजी 'ते', 'हे' जास्त येऊ लागतं. आवाजाच्या पडद्यांची लय किंचित हलते. हे घरच्यांना कळत नाही, डॉक्टरांना कळत नाही, खुद्द त्या माणसालाही कळत नाही. शिंपल्याला कळायचं. पाच वर्षं खपून त्याला मराठीबरोबर झाडी, पोवारी, गोंडी आणि छत्तीसगढी बोली शिकवल्या होत्या. निकाल नर्सच्या फोनवर रंगात यायचा. हिरवा म्हणजे ठीक. केशरी म्हणजे आजाराची सुरुवात झाली आहे, वर्ष-दोन वर्षांत विसरणं घरच्यांना दिसू लागेल. लाल म्हणजे आजार पुढे गेला आहे. शंभरातले त्र्याण्णव केशरी निकाल रक्ताच्या तपासणीत खरे ठरत होते.

"यंत्र चालवायला दोन दिवस पुरतात," मॅडमनी पहिल्याच तासाला मुलींना सांगितलं होतं. "यंत्र जे म्हणतं ते माणसाला सांगायला मी तुम्हाला दोन महिने शिकवणार आहे. निकाल ज्याचा, त्याला आधी. त्याच्या मुलाला नाही, सुनेला नाही. आणि उभ्यानं कधीच सांगायचं नाही."

आज त्याचाच सराव होता. उत्पलानं फोनवर 'सराव' निवडलं, म्हणजे निकाल जिल्ह्याच्या नोंदीत जाणार नव्हता. तिनं आठवडी बाजाराचं चित्र मॅडमच्या हातात दिलं. मॅडम म्हातारीच्या आवाजात बोलू लागल्या. मिरच्यांचा ढीग, बांगड्यांवाला, दोरीनं बांधलेल्या कोंबड्या. मग नाटक विसरून त्या स्वतःच्याच लहानपणच्या बाजाराबद्दल रंगून सांगत राहिल्या. मुली ऐकत होत्या. तीन मिनिटं झाली. उत्पलानं फोन पाहिला.

केशरी.

तिनं अंगठ्यानं काच पुसली. तरी केशरीच.

"काय आलं गं? सांग की."

"हिरवा, मॅडम."

"अगं मग काय मजा!" मॅडम हसल्या. "मुलींना शिकवायचं तर केशरी पाहिजे. समज, केशरी आलाय. आता मला सांग."

अठ्ठावीस मुली वही उघडून बघत होत्या. उत्पलानं खुर्ची पुढे ओढली. ती बसली. तिनं मॅडमचा हात हातात घेतला आणि नजर त्या हातावरच ठेवली.

"डोळे कुठं तुझे? माझ्याकडे बघ."

तिनं पाहिलं. "आजी, या तपासणीत एक गोष्ट दिसली आहे," ती म्हणाली. "तुमच्या मेंदूत एका आजाराची सुरुवात झाली असावी. विसरण्याचा आजार. आज तुम्ही चांगल्या आहात. अजून बराच काळ चांगल्या राहाल. पण हे तुम्हाला माहीत असायला हवं. तुमच्याबद्दलचं आहे ते." तिचा आवाज फाटला.

मॅडमनी पदर मागे टाकला आणि मुलींकडे वळून म्हणाल्या, "बघितलं? पाठ केल्यासारखं नाही. असं सांगायचं."

---

पुढच्या रविवारी उत्पला मॅडमच्या घरी जेवायला गेली. शिंपला तिच्या पिशवीत होता. गेंदलालजी अंगणात सायकलचं चाक फिरवत बसले होते आणि मॅडम स्वयंपाक करता करता गावातल्या एका लग्नाची हकीकत सांगत होत्या. उत्पलानं फोनवर पुन्हा 'सराव' निवडून पिशवी ओट्यावर ठेवली आणि तीन मिनिटं काही न बोलता कांदा चिरत राहिली. घरी जाताना बसमध्ये तिनं फोन उघडला. केशरी. या वेळी चित्रही नव्हतं, वर्गाचं दडपणही नव्हतं.

तिला नियम पाठ होता. ज्या आरोग्य कर्मचाऱ्याचा निकाल केशरी, त्याला एका महिन्याच्या आत रुग्णसेवेतून आणि निर्णयाच्या पदावरून बाजूला करायचं. आजारावर औषध नव्हतं. म्हणजे मॅडमना सांगितलं तर त्यांना मिळणार काय होतं? एक भीती आणि घरी बसणं.

आणि नेमक्या त्याच वर्षी मॅडमनी आयुष्यभर मागितलेली गोष्ट हाताशी आली होती. जिल्ह्यातल्या बासष्ट उपकेंद्रांवर नर्सला केंद्रप्रमुख करायचा प्रयोग चालू होता. औषध सुरू करायचं, रुग्ण पुढे पाठवायचा, गाडी बोलवायची, हे सगळं नर्सनं ठरवायचं, कुणाच्या सहीची वाट न बघता. प्रयोग मॅडमच्या नावावर उभा होता. ऑक्टोबरात समिती येऊन तो ठेवायचा की मोडायचा ते ठरवणार होती. 'नर्सना कशाला एवढे अधिकार' म्हणणारे पुष्कळ होते. प्रयोगाच्या प्रमुखबाईंनाच विसरण्याचा आजार आहे हे त्यांच्या हाती लागलं असतं तर?

ऑक्टोबरनंतर सांगू, उत्पलानं ठरवलं. तिनं फोनमधले दोन्ही निकाल पुसून टाकले.

---

मे महिन्यात ती मुरपारटोल्याच्या उपकेंद्रात गेली. तिथली नर्स सायत्रा कुंभरे, पन्नाशीची, कमी बोलणारी. गावातल्या हिरकनबाईंचा निकाल केशरी आला होता आणि सायत्राताईंची ही पहिलीच वेळ असल्यानं त्यांना सोबत हवी होती. उत्पला हिरकनबाईंच्या ओसरीवर बसली आणि तिनं सगळं नीट सांगितलं. काही लपवलं नाही, काही फुगवलं नाही.

हिरकनबाई बराच वेळ हाताची बोटं चोळत राहिली. मग म्हणाली, "मंग मी आपल्या पोरीकडे जाऊन येतो महिनाभर. वळखतो तवर राहून घेतो तिच्याजवळ."

परत येताना सायत्राताई म्हणाल्या, "बरं झालं सांगितलं. नाहीतर म्हातारी उगाच वर्षभर भाताचं रोवणं-निंदणं करत राहिली असती."

त्या दिवशी उत्पलाला जेवण गेलं नाही.

मॅडममध्ये फरक दिसायला लागला होता, पण तो फक्त उत्पलालाच दिसत होता, कारण ती बघत होती. एकदा तपासणीच्या वेळी त्या हात पुढे करून म्हणाल्या, "ते दे गं, ते... कानात घालतो ते." एकदा भाजीत मीठ दोनदा पडलं आणि गेंदलालजींनी न बोलता ताटात पाणी घालून खाल्लं. एकाच विद्यार्थिनीला त्यांनी एकाच सकाळी दोनदा रागावलं. उत्पला त्यांच्या मागे उभी राहायला शिकली. बैठकीत कोण समोर आलं की ती हळूच म्हणायची, "मॅडम, हे देवरीचे तालुका अधिकारी." मॅडम लगेच त्यांच्या मुलाबाळांची चौकशी करायच्या. लोक म्हणायचे, बिसेन मॅडमची स्मरणशक्ती म्हणजे कमाल.

ऑक्टोबरात समिती आली. मॅडम पाऊण तास बोलल्या, एकही कागद न बघता. कुठल्या गावात बाळंतिणीला गाडी किती मिनिटांत मिळाली, कुठल्या नर्सनं सर्पदंशाच्या माणसाला स्वतःच्या निर्णयावर प्रतिविष टोचलं आणि वाचवलं. एका ठिकाणी त्या अडखळल्या. "आम्हाला अधिकार नको आहेत, आम्हाला हवी आहे ती..." हात हवेत तसाच राहिला.

"जबाबदारी," मागून उत्पला म्हणाली.

"जबाबदारी," मॅडम म्हणाल्या, आणि सभागृहानं टाळ्या वाजवल्या. सगळ्यांना वाटलं, दोघींनी हे ठरवून केलंय.

प्रयोग कायम झाला. नोव्हेंबरात अनुसया बिसेन जिल्ह्याच्या समुदाय आरोग्य प्रमुख झाल्या. त्या खुर्चीवर याआधी कुठलीही नर्स बसली नव्हती. मॅडमनी आपली सहायक म्हणून उत्पलाचं नाव दिलं. गेंदलालजींनी आगारात पेढे वाटले. ऑक्टोबर उलटून गेला होता. उत्पलानं सांगितलं नाही.

---

जानेवारीत औषध आलं.

महिन्यातून एकदा शिरेतून द्यायचं. मेंदूतली साचलेली प्रथिनं ते धुऊन काढत असे आणि नवी साचू देत नसे. गेलेलं परत आणत नव्हतं, पण माणूस जिथं होता तिथं त्याला थांबवून धरत होतं. अट एकच. ते केशरी टप्प्यातच सुरू करायचं. लाल टप्प्यात मेंदूतल्या बारीक रक्तवाहिन्या इतक्या कमकुवत झालेल्या असतात की औषधानं त्या फुटतात.

जिल्ह्यात केशरी निकालाची दोनशे चौदा माणसं होती. मॅडमनी बासष्ट नर्सना एकत्र बोलावलं. "एकही सुटता कामा नये," त्या म्हणाल्या. "डोंगरावर असेल तर डोंगरावर जा. कामाला परगावी गेला असेल तर बोलावून घ्या. यांना आपण वाईट बातमी दिली होती. आता चांगली द्यायला आपणच जायचं." यादी उत्पलानं वाचून दाखवली. त्यात दोनशे चौदा नावं होती. दोनशे पंधरावं फक्त तिलाच माहीत होतं.

त्या शनिवारी दुपारी ती ठरवूनच मॅडमच्या घरी गेली. मॅडम ओसरीवर तुरीच्या शेंगा सोलत बसल्या होत्या. उत्पला समोर बसली. बसलीच, उभी राहिली नाही.

"मॅडम, मला तुमच्याशी बोलायचंय."

"मलाही," मॅडम म्हणाल्या. "उत्पला, मी परवा यांना म्हटलं, ही पोरगी नसती तर मला एवढं झेपलं नसतं. मला जाणवतं गं, हल्ली मी थकते. नाव पटकन आठवत नाही. वय झालं. पण तू मागे असलीस की मला भीती वाटत नाही." त्यांनी शेंगांची टोपली तिच्याकडे सरकवली. "हं, बोल. काय म्हणत होतीस?"

फेब्रुवारीत एकच गोष्ट सांगायची होती. आता दोन सांगायच्या होत्या, आणि दुसरी पहिलीपेक्षा मोठी होती. केशरी निकाल सांगायला तिला दोन महिने शिकवलं होतं. 'मी अकरा महिने लपवलं' हे कसं सांगायचं, ते कुणी शिकवलं नव्हतं.

"सुट्टी हवी होती दोन दिवस," उत्पला म्हणाली. "आईला बरं नाही."

"मग घे की. एवढं काय तोंड करून बसलीस!"

तिनं शेंगा सोलल्या. अंधार पडायच्या आधी ती निघाली. वाटेत बस थांबली तेव्हा उतरून परत जावं असं तिला वाटलं. ती खिडकीशी बसून राहिली. नंतर पुष्कळ वेळा तिनं त्या बसथांब्याचा विचार केला. तोवर ती स्वतःला सांगत आली होती, की मी हे मॅडमसाठी करते आहे. त्या थांब्यावर तिला स्पष्ट कळलं की आता ती ते स्वतःसाठी करत होती. आणि कळूनही ती उतरली नाही.

---

सप्टेंबरात मॅडमनी आदेश काढला. आजवर शिंपल्यानं फक्त गावकऱ्यांची तपासणी होत होती, कर्मचाऱ्यांना सक्ती नव्हती; आता पंचावन्नच्या वरच्या सगळ्या आरोग्य कर्मचाऱ्यांची तपासणी होणार. "लोकांच्या दारात आपण हे घेऊन जातो, मग आपण का सुटायचं?" त्या म्हणाल्या. "पहिला नंबर माझा. मुरपारटोल्याला. सायत्रा करेल."

उत्पलानं तारीख पुढे ढकलायचा प्रयत्न केला. जमलं नाही.

मुरपारटोल्याच्या उपकेंद्रात ती बाहेरच्या पडवीत बसली होती. आतून मॅडमचा आवाज येत होता. बाजार, मिरच्या, "ते... हातात घालतात ते, रंगीत". मग आवाज थांबला. मग सायत्राताईंचा हळू, सावकाश आवाज. त्या बसून सांगत असणार. त्यांच्याही त्या मॅडमच होत्या.

मॅडम बाहेर आल्या. चेहरा नेहमीसारखाच होता, फक्त पदराची कड त्यांनी मुठीत धरली होती. "लाल आहे," त्या उत्पलाला म्हणाल्या. "चल, नागपूरला जावं लागेल."

नागपूरच्या मेंदूविकार तज्ज्ञानं रक्त तपासलं, मेंदूची छायाचित्रं पाहिली. तरुण माणूस होता, नीट बोलला. औषध आता देता येणार नाही, तो म्हणाला. गेंदलालजींनी विचारलं, "डॉक्टरसाहेब, आधी आलो असतो तर?"

"दीड-दोन वर्षांपूर्वी निकाल नक्कीच केशरी असणार," डॉक्टर म्हणाला. "जानेवारीत औषध सुरू झालं असतं तर आज यांना फारसा त्रास नसता. पण त्या वेळी कुणी तपासलंच नाही, त्याला कोण काय करणार?"

मॅडम खुर्चीत वळल्या आणि त्यांनी उत्पलाकडे पाहिलं.

---

दुसऱ्या दिवशी सकाळी अकरा वाजता मॅडमनी तिला कार्यालयात बोलावलं आणि दार लावायला सांगितलं.

"वर्गात तू माझी तपासणी केली होतीस," त्या म्हणाल्या. "मी रात्रभर आठवत होते. चित्र आठवतंय. मुली हसल्या होत्या ते आठवतंय. तू हिरवा म्हणालीस. यंत्र चुकलं होतं का?"

यंत्र शंभरात सात वेळा चुकत होतं. एवढा एक शब्द म्हटला असता, 'हो', तर कुणालाही कधीच कळलं नसतं.

"नाही," उत्पला म्हणाली. "केशरी होता."

"तुला दिसला होता?"

"दिसला होता. नंतर तुमच्या घरी मी परत तपासलं. तेव्हाही होता."

मॅडमनी बोटांवर मोजलं. फेब्रुवारी, मार्च. एकदा चुकल्या, पुन्हा पहिल्यापासून मोजलं. "एकोणीस," त्या म्हणाल्या. "आणि औषध आलं तेव्हा? यादी तूच वाचली होतीस नं?"

"हो."

"तेव्हा आठवण होती तुला?"

"रोज होती, मॅडम."

"काहून गं?" मॅडमचा आवाज पहिल्यांदाच चढला. "काहून? कुणासाठी?"

उत्पलानं सांगायचा प्रयत्न केला. समिती, बासष्ट केंद्रं, पद जाईल म्हणून. ते सगळं खरं होतं, आणि बोलता बोलता तिलाच ते पोकळ वाटू लागलं. शेवटी ती म्हणाली, "आधी तुमच्यासाठी. मग मला सांगता येईना म्हणून."

"ती केंद्रं माझी नव्हती. ती उभी राहिली असती, नाहीतर पडली असती. दुसऱ्या कुणी पुन्हा उभी केली असती," मॅडम म्हणाल्या. "हे डोकं माझं होतं. त्याचं काय करायचं ते मी ठरवलं असतं. तू मला विचारलंच नाहीस."

त्या रडल्या नाहीत. उत्पला रडत होती, तिकडे त्यांनी लक्ष दिलं नाही. त्यांनी टेबलावरचा कागद तिच्यापुढे सरकवला.

"लिही. उद्या मला आठवलं नाही तर कागद पाहिजे. पदभार सायत्रा कुंभरेकडे द्यावा. तिला भाषण येत नाही, शिकेल. औषधाच्या यादीवर दर महिन्याला तिनं स्वतः नजर ठेवावी." उत्पला लिहीत होती. "सहायक म्हणून कोण, ते तिनं ठरवावं. उत्पला शहारे नको. लिहिलंस?"

"लिहिलं."

"दाखव." त्यांनी वाचलं, सही केली, तारीख विचारून घातली. "आता जा. घरी येऊ नकोस."

---

उत्पलानं त्याच आठवड्यात परिचर्या परिषदेला स्वतःहून सगळं लिहून कळवलं. दोन वर्षांसाठी तिची नोंदणी रद्द झाली. सुनावणीच्या बाईंनी विचारलं, "तुमच्या बाजूनं काही सांगायचंय?" ती म्हणाली, "नाही." ती आईकडे जाऊन राहिली आणि विड्या वळायला बसली.

दोनदा ती मॅडमच्या घरी गेली. पहिल्यांदा मॅडमनी खिडकीतून बघितलं आणि दार उघडलं नाही. दुसऱ्यांदा त्या दारात आल्या, म्हणाल्या, "सांगितलं होतं नं तुला," आणि आत गेल्या. तिसऱ्यांदा जायची तिची हिंमत झाली नाही.

तालुक्याच्या बाजारात एकदा तिला हिरकनबाई भेटली. हातात पिशवी, कमरेला बटवा. "का वो उत्पलाबाई, कुठं गायब झाली तू?" तिनं लांबूनच हाक मारली. महिन्याच्या महिन्याला सुई घेत होती ती. यंदा पाच एकरांचं रोवणं तिनं स्वतः उभं राहून करवून घेतलं होतं. सुनेचं, नातवंडांचं, सायत्राताईंच्या मुलीचं नाव घेत ती बोलत राहिली, एकाही नावाला न अडखळता. उत्पला हसली, तब्येतीची चौकशी केली आणि मिरच्यांच्या ढिगाआड जाऊन तोंडाला पदर लावून उभी राहिली.

सायत्राताई जिल्ह्याच्या कार्यालयात बसू लागल्या होत्या. भाषण त्यांना अजूनही येत नव्हतं. पण बासष्टच्या बासष्ट केंद्रं चालू होती, हे उत्पलाच्या कानावर यायचं.

दीड वर्षानंतरच्या एका सकाळी गेंदलालजी तिच्या आईच्या दारात उभे राहिले. ते खूप वाळले होते. आईनं खाट टाकली, ते बसले नाहीत.

"तिची अंघोळ होत नाही पंधरा दिवसांपासून," ते उत्पलाला म्हणाले. "मी पाणी घेऊन गेलो की ओरडते. हा कोण माणूस, म्हणते. चाळीस वर्षं झाली लग्नाला." त्यांनी डोळे पुसले नाहीत, पाणी तसंच वाहू दिलं. "केंद्रातली पोरगी येते, पण तिच्या हातानं करून घेत नाही. येतेस का?"

"मी नर्स नाही आता, काका."

"मला माहीत आहे तू कोण आहेस," गेंदलालजी म्हणाले. "मी बोलावून राहिलो म्हणजे मी विसरलो असं नाही. मला दुसरं कुणी नाही, म्हणून आलो."

---

मागच्या अंगणात ऊन आलं होतं. मॅडम बुटक्या स्टुलावर बसल्या होत्या, अंगावर जुनी सुती साडी, केसांच्या जटा झालेल्या. उत्पलाला बघून त्यांनी काहीच ओळख दाखवली नाही. ती समोर येऊन उकिडवी बसली, त्यांच्या नजरेच्या उंचीला. बादलीतल्या पाण्यात आधी आपलं मनगट बुडवून बघितलं, मग तोच ओला हात मॅडमच्या पावलावर ठेवला आणि तसाच राहू दिला. मॅडमनी पाय मागे घेतला नाही. हळूहळू पोटऱ्या, मग हात, मग पाठ. मॅडम ओरडल्या नाहीत. पडवीत पाठमोरे बसलेले गेंदलालजी हलले नाहीत.

"तुम्ही नवीन का?" मॅडमनी विचारलं.

"हो."

"हात चांगला आहे तुमचा. पेशंटला आधी पाण्याची ओळख करून द्यायची, हे कुणी करत नाही हल्ली." त्यांचा आवाज अगदी वर्गातल्यासारखा होता. "नाव काय?"

दुसरं कुठलंही नाव सांगता आलं असतं. उत्पलानं साबण खाली ठेवला.

"उत्पला."

मॅडम तिच्याकडे बघत राहिल्या. चेहऱ्यावर ओळख आली नाही, पण कपाळावर एक आठी आली.

"माझी एक पोरगी होती या नावाची," त्या म्हणाल्या. "माझ्याच घरी होती शिकायला. फार हुशार."

"आता कुठं असते ती?"

"काय माहीत. मी बोलत नाही तिच्याशी."

"काहून, मॅडम?"

मॅडमनी शोधलं. ओठ हलले, हात हवेत उचलला गेला आणि तसाच राहिला. अंगणातल्या दोरीवरचे कपडे, बादली, भिंत, सगळीकडे त्यांची नजर फिरून आली. उत्पला वाट बघत राहिली. शब्द तिला माहीत होता. तिनं पुरवला नाही.

"ते नाही आठवत," शेवटी मॅडम म्हणाल्या. "पण बोलत नाही."

आणि केसांवर पाणी घालायला सोपं जावं म्हणून त्यांनी मान खाली घातली.